न्हावऱ्याला न झालेला तिसरा अंक

रेल्वेवाल्यांच्या घरात प्रवासाची हौस पासाच्या मुदतीवर ठरते. पास संपत आला की आम्हाला एकाएकी नातेवाईक आठवायला लागतात. त्या जानेवारीत आमच्याकडचा एक पास असाच फुकट चालला होता. ह्यांचं ट्रेनिंग निघालं होतं, आणि मुलं अभ्यासाचं नाव सांगून घरी क्रिकेट बघायला टपलेली होती. मी म्हटलं, मी एकटीच दौंडला जाऊन येते. भुसावळच्या शेजारणींना हसू आवरेना. "अहो, लोक काश्मीरला जातात, कन्याकुमारीला जातात. दौंडला काय आहे?"

दौंडला लोक गाडी बदलायला उतरतात, हे मला मान्य आहे. पण मी तिथल्या रेल्वे कॉलनीत वाढले, तिथेच माझं लग्न झालं आणि लग्नानंतरची पहिली काही वर्षंही तिथेच गेली. नंतर ह्यांची बदली झाली आणि दौंड मागे पडलं. आणखी एक ओढ होती, ती शेजारणींना सांगितली असती तर त्या अजूनच हसल्या असत्या. दौंडपासून दीड-दोन तासांच्या अंतरावर, शिरूर तालुक्यातल्या न्हावरे गावात मला एक मुलगा होता. तो तुर्कस्तानातला कवी होता, आणि त्याला जाऊन पुष्कळ वर्षं झाली होती.

हे नीट सांगायला हवं. माझे वडील गार्ड होते. एकदा गाडीच्या पहिल्या वर्गात कुणीतरी विसरलेलं एक इंग्रजी पुस्तक त्यांना सापडलं. त्यांनी ते रीतसर जमा केलं, पण मालक काही फिरकला नाही. शेवटी स्टेशनमास्तरच म्हणाले, घेऊन जा, पोरगी वाचेल. पोरगीने डिक्शनरी मांडीवर घेऊन कित्येक महिने ते वाचलं. ती एका तुर्की कवीची कादंबरी होती, आणि सुरुवातीला त्याच्या आयुष्याची लांबलचक हकिगत होती. पुढे आमच्या कॉलनीतल्या हौशी मंडळींनी त्याच्या आयुष्यावर नाटक बसवलं. त्याचं नाव आम्हा नाटकवाल्यांच्या तोंडून दर वेळी नव्या तऱ्हेने निघायचं, म्हणून नाटकात आम्ही त्याला नुसतं 'शाहीर' करून टाकलं. इथेही शाहीरच म्हणते.

शाहीर पठारावरच्या मेंढपाळाच्या घरात जन्मला, शिकून शाळामास्तर झाला. गावाच्या मुखत्याराने, म्हणजे तिथल्या पाटलाने, गावाचं गायरान परस्पर विकलं, त्यावर त्याने कविता केली. त्याबद्दल नोकरी गेली. मग त्याने त्याच गोष्टीची कादंबरी लिहिली, त्याबद्दल तुरुंग मिळाला. कमी बोललं तर ऐकत नाहीत आणि जास्त बोललं तर आत टाकतात, असं तो एका ठिकाणी म्हणतो, तेव्हा त्याचा चेहरा मला आमच्या कॉलनीतल्या युनियनवाल्यांसारखा दिसायचा. तुरुंगात कैद्यांना लोकर पिंजायचं काम होतं. पिंजणीच्या ठेक्यावर तो कविता जुळवायचा आणि लोकरीच्या पोत्यांवर कोळशाने लिहायचा. पोती बाजारात जायची, कविता बाहेर पडायच्या. माणूस मोठा अवली होता. मी तर त्याच्या प्रेमातच पडले होते, पण नाटकात वाट्याला आली त्याच्या आईची भूमिका.

दौंड

गाडीतून उतरले तेव्हा उजाडलं होतं. प्लॅटफॉर्मवर वसंता उभा होता. नाटक त्यानेच लिहिलं होतं आणि शाहिराची भूमिकाही त्यानेच घेतली होती. तेव्हा तो इतका काटकुळा होता की तुरुंगातल्या उपोषणाच्या प्रवेशाला बायका पदर डोळ्याला लावायच्या. आता पार्सल ऑफिसात बसून त्याचं पोट सुटलं होतं.

"शाहिराला आता तुरुंगाचं दार मोठं करावं लागेल," मी म्हटलं.

"आई, तू बोलू नकोस. तुझेही केस पांढरे करण्याचा खर्च वाचलाय," तो म्हणाला. तो मला अजून आईच म्हणतो. वयाने माझ्याहून मोठा आहे.

कॉलनीत हिंडले. आमच्या क्वार्टरला आता दुसऱ्याच रंगाचा दरवाजा होता आणि अंगणातल्या शेवग्याच्या जागी मोटारसायकल उभी होती. ज्या हॉलमध्ये आमच्या तालमी चालायच्या, तिथे बॅडमिंटनची जाळी लागली होती. मला वाईट वाटलं. उगीच कशाला खोटं बोलू, चांगलंच वाईट वाटलं. पण शंटिंगचा तो धडधडाट ऐकला, इंजिनच्या शिट्ट्या ऐकल्या आणि लहानपणी जशी त्या आवाजात गाढ झोप लागायची तशी दुपारी वसंताच्या घरी लागली.

संध्याकाळी वसंता म्हणाला, "न्हावऱ्याला जाणार आहेस ना? मग आधी एकाला भेट."

मालधक्क्याजवळच्या चहाच्या टपरीवर त्याने मला एका माणसापाशी नेलं. पस्तिशीचा, उन्हाने रापलेला, खांद्यावर गमछा. हमालांचा मुकादम. "हा सुखदेव आप्पांचा बाळू," वसंता म्हणाला.

मी बघतच राहिले. सुखदेव आप्पा म्हणजे न्हावऱ्याचे ते धनगर म्हातारे, ज्यांच्या वाड्यात आम्ही सगळी नाटकमंडळी उतरलो होतो. त्यांना मुलगा आहे, हे तेव्हा आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं.

बाळूने चहा मागवला आणि सांगायला काही फार वेळ घेतला नाही. त्याला गाणी जुळवायचा नाद होता. गावच्या सोसायटीच्या चेअरमनने गायरानाला तारेचं कुंपण घातलं, तेव्हा बाळूने त्यावर गाणं केलं आणि भर चावडीत म्हटलं. सगळं गाव हसलं, चेअरमन तेवढे हसले नाहीत. आप्पांची मेंढरं त्या गायरानाच्या उरल्यासुरल्या तुकड्यावर चरत होती. दुसऱ्या दिवशी आप्पांनी त्याच चावडीत सगळ्यांसमोर सांगितलं, ह्याचा-माझा संबंध संपला, माझ्या उंबऱ्याच्या आत ह्याने पाऊल टाकायचं नाही. बाळू त्या दिवशीच निघाला. आधी शिक्रापूरला खोली घेऊन एका कंपनीत राहिला, तिथून दौंडला आला. आमचं नाटक न्हावऱ्याला झालं ते त्यानंतर थोड्याच महिन्यांनी. आता ह्या गोष्टीला दहाएक वर्षं झाली होती.

"आईची भेट होते की नाही?" मी विचारलं.

"व्हती की. काष्टीच्या बाजारात. शनवारी ती येती, म्या जातो. नात दावतो, भजी खातो, घरी येतो. आप्पांना ठाव हाय. पर ते इचारत न्हाईत आन् ती सांगत न्हाई."

"मग तूच का जात नाहीस? एवढं जवळ आहे."

"ताई, उंबरा ज्यानं बंद केला त्यानंच उघडायचा आसतुय. आमच्यात रीतच हाय तशी. त्यांनी न्ह्यायला यावं. मी काय मुंबैला पळून गेलो न्हाई. हितंच हाय." मग चहाचा ग्लास खाली ठेवून म्हणाला, "आय थकलीया आता. बाजाराला येती, पर दोनदा बसती वाटंत. तिला येवढं सांगा, पोरीचे फुडचे दोन दात पडले."

भीमेच्या पलीकडे

दौंडहून न्हावऱ्याला जाताना चौफुल्याला गाडी बदलावी लागली. चौफुल्याचं नाव निघालं की आमच्या मंडळीत हशा पिकायचा, कारण इथे लावणीची थिएटरं आहेत. नाटकाच्या वेळी आम्ही ट्रंका घेऊन उतरलो तेव्हा हॉटेलवाल्याने आदराने विचारलं होतं, "पार्टी कुठली?" मी नववारीत आणि केसांना पांढरा रंग लावून बसले होते, कारण मेकपला वेळ मिळणार नव्हता. तो माझ्याकडे बघून वसंताला म्हणाला, "मावशी पेटीवर आसत्याल." वसंताने मान डोलावली. त्या बदल्यात आम्हाला चहाबरोबर भजी जास्त मिळाली.

पुढे पुलावरून भीमा दिसली, आणि मग ऊसच ऊस. तोडणी चालू होती. रस्त्यात बैलगाड्यांची रांग, तिच्यामागे आमची यष्टी, आणि यष्टीच्या मागे मोटारसायकलवाले हॉर्न वाजवत. आमच्या खानदेशात केळी, इथे ऊस. दोन्हींच्या रानातून जाताना माणूस कुठे आहे ते दिसत नाही, फक्त बोलणं ऐकू येतं. शेजारच्या बाईने मला बोरं दिली आणि मी कुणाची, कुठली, किती मुलं, हे सगळं बोरं संपायच्या आत काढून घेतलं.

न्हावरे

स्टँडवर उतरले तर टपरीवरचा एक म्हातारा माझ्याकडे निरखून बघत होता. मग एकदम ओरडला, "आरं, शाहिराची आय आली!"

दहा वर्षांनी! माझं खरं नाव त्या गावात कुणाला कधीच कळलं नव्हतं. बघता बघता बायका जमल्या. एकीने विचारलं, "पोरगा कसा हाय तुमचा?" आणि सगळ्या खो खो हसल्या. पण तिने चौकशी अगदी मनापासून केली होती.

ह्याचं कारण त्या नाटकाच्या दिवशी घडलं. आमचं नाटक तीन अंकी होतं. दुसऱ्या अंकाच्या शेवटी सरकार शाहिराला सोडतं, तुरुंगाच्या दाराशी त्याची आई उभी असते, आणि ती त्याला पोटाशी धरते. पडदा. तिसऱ्या अंकात पुन्हा वॉरंट निघतं, तो नदी ओलांडून देशाबाहेर पळतो, सरकार त्याचं नागरिकत्व काढून घेतं, आणि तो परक्या शहरात भाड्याच्या खोलीत मरतो. आई गावातच वाट बघत राहते. माझा सगळा अभिनय तिसऱ्या अंकात होता. कॉलनीतल्या बायका तो बघून रडल्या होत्या, आणि मी वर्षभर त्या रडण्यावर जगले होते.

न्हावऱ्याला देवळापुढे दोन ट्रॉल्या जोडून स्टेज केलं होतं. दुसऱ्या अंकाचा पडदा पडला, आणि आम्ही आत कपडे बदलतोय तोवर बाहेर नारळ फुटल्याचा आवाज आला. मी डोकावले तर सुखदेव आप्पा स्टेजपुढे उभे! आरती सुरू झाली, प्रसाद वाटला गेला, आणि वसंताला ओढून बाहेर नेऊन टॉवेल-टोपी देण्यात आली. वसंता सांगत होता, अहो, अजून एक अंक आहे. आप्पा म्हणाले, "आसूं द्या. पोथी वाचताना कुठं थांबायचं त्ये आम्हाला कळतंय." त्या भागात पोथी कधी दुःखाच्या ओवीवर बांधत नाहीत. वनवास आला की पुढे रेटत न्यायचं, चांगलं काही घडलं की तिथे कापडात गुंडाळून ठेवायची. आप्पांनी शाहिराची पोथी तिथेच बांधली. एकदा आरती झाल्यावर कोण बसतंय? लोक घोंगड्या झटकून उठले. आप्पांच्या कारभारणीने, यमुनामावशींनी, खणा-नारळाने माझी ओटी भरली. "पोरगा आला घरी. लई सोसलंत बया," असं म्हणत त्यांनी माझा हात किती तरी वेळ धरून ठेवला. मला वाटलं, काय माझा अभिनय!

तर असं ते. साऱ्या जगात तो कवी परदेशात मेला, पण न्हावऱ्यात तो घरी परतला होता.

आप्पांच्या घराला आता स्लॅब पडला होता. मेंढरं विकली होती, दावणीला दोन म्हशी होत्या, मागे कांद्याची चाळ. आप्पा तसेच होते, लाल फेटा आणि घोंगडी. यमुनामावशी मात्र निम्म्या झाल्या होत्या. त्यांनी हुलग्याचं माडगं केलं होतं, गूळ घालून. भुसावळला ह्या दिवसांत भरीत आणि कळण्याची भाकरी. कुणी हुलगे दिले तर आम्ही म्हणतो, हे काय घोड्याचं खाणं. पण थंडीत ते गरम माडगं प्यायल्यावर घोड्यांना किती अक्कल असते ते कळलं.

"तुमचा शाहीर बी घरी आल्यावर पैलं ह्येच प्याला," आप्पा म्हणाले.

मी चमकले. मग कळलं की आप्पांनी शाहिराची ओवी केली होती. धनगरी ओव्यांची सुरुवात सुंबरानाने होते, म्हणजे देवाचं स्मरण करायचं, आणि मग पुढची कथा. आप्पांनी बिरोबाच्या कथेमागोमाग तुर्की शाहिराची कथा जोडून दिली होती. त्यात तो तुरुंगातून सुटतो, आई त्याला माडगं पाजते, त्याचं लग्न होतं आणि गायरान परत मिळतं. गावातली पोरं ती म्हणत होती. तीही कहाणी काही वाईट नव्हती. खरं म्हणजे, शाहिराने ऐकली असती तर त्याने माडग्याची चव विचारली असती.

आप्पा बाहेर गेल्यावर मी मावशींना दातांचा निरोप सांगितला. त्यांनी चुलीतलं लाकूड मागे ओढलं आणि तोंडाला पदर लावून हसल्या. मग हसू गेलं.

"बाई, त्या शाहिराचं खरं काय झालं वो फुडं?"

मी माडग्याची वाटी खाली ठेवली.

"मला तवाच कळलं व्हतं. तुमच्या पेटाऱ्यात पांढरं कापाड घडी करून ठिवल्यालं. आनंदाच्या नाटकाला त्ये कशाला लागतंय?" त्या माझ्याजवळ सरकल्या. "ह्यांनी ईचारलं तर खरं सांगा. ग्वाड करू नगा. दहा वर्सं ग्वाड खाऊन बसल्यात. मी म्हनून म्हनून थकले, माझं ऐकत न्हाईत. मला पोरगं घरात बघायचंय. बाजारात न्हवं, घरात. आन् मला लई दिस न्हाईत."

मी त्यांना धीर द्यायला गेले तर त्यांनी हाताने गप्प केलं. लोकांना धीर द्यायची ही माझी घाणेरडी सवय आहे.

दुसऱ्या दिवशी आप्पांनी माझ्यासाठी रानात हुरडा ठेवला. शेणकुटांच्या आगटीत ज्वारीची कणसं भाजायची, गरम असतानाच तळहातावर चोळायची, फुंकर मारून भुसा उडवायचा आणि लसणाच्या चटणीबरोबर तोंडात टाकायचा. कणसं मी चोळायला घेतली आणि तळहात भाजून घेतला. दाणे मातीत आणि भुसा तोंडात. गावातले पाच-पन्नास लोक आले होते, ते पोटभर हसले. ऊन कोवळं होतं. कुणी बोरं आणली, कुणी दही. इतकं सुख झालं की मी मावशींचं बोलणं विसरले, आणि विसरलेलीच राहिले असते तर बरं झालं असतं.

पण आप्पा रंगात आले. पोरांना म्हणाले, "ऐका, शाहिराची आय म्होरं बसलीया. आता आपली ओवी बरुबर का चूक त्ये तीच सांगंल." आणि त्यांनी सगळी ओवी म्हटली. आवाज म्हातारा झाला होता पण टिपेला चढत होता. संपल्यावर मोठ्या ऐटीत माझ्याकडे वळले. "सांगा बाई. आसंच झालं का न्हाई?"

सगळे माझ्याकडे बघत होते. मावशी आगटीपलीकडे कणसं फिरवत होत्या, मान वर न करता. मला खरंच पळून जावंसं वाटलं. एका म्हाताऱ्याने दहा वर्षं जिवापाड जपलेली गोष्ट त्याच्याच रानात, त्याचाच हुरडा खाऊन मोडायची?

"नाही आप्पा," मी म्हटलं. "तो घरी राहिला नाही."

आणि मी तिसरा अंक सांगितला. अभिनय केला नाही, जमलाच नसता. वॉरंट, नदी, परकं शहर. तिथे तो तुर्की भाषेत पुस्तकं लिहीत राहिला आणि ती त्याच्या देशात कुणी छापेना. मोठमोठे लोक त्याला हार घालायचे, आणि तो खोलीवर येऊन आईच्या हातच्या दह्याची आठवण लिहायचा. आई सरकारी कचेरीत गेली आणि साहेबाला म्हणाली, त्याला माफ करू नका, फक्त एक वेळ जेवायला पाठवा. साहेबाने तिला पाणी दिलं आणि परत पाठवलं. तो गेल्याची बातमी तिला रेडिओवरून कळली. ती नंतरही बरीच वर्षं जगली.

कुणी हुरडा खात नव्हतं. एका बाईने डोळे पुसले. आप्पांनी काठीने आगटी उकरली. मग म्हणाले, "आन् बाप?"

"बाप तो लहान असतानाच गेला होता."

"मंग बरुबर," आप्पा एकदम ताठ झाले. त्यांना काहीतरी सापडलं होतं. "बाप न्हवता, म्हनून. बाप आसता तर गेला आसता आनायला. येवढ्या लांब चालत गेला आसता."

मावशींनी हातातली कणसं खाली ठेवली.

"दौंडाला चालत न्हाई जावं लागत," त्या म्हणाल्या. "यष्टी जाती."

मोठ्याने म्हणाल्या नाहीत, पण सगळ्यांनी ऐकलं. कुणीतरी खाकरलं, कुणीतरी म्हशींची आठवण काढून उठलं. हळूहळू रान मोकळं झालं. आप्पा आगटी विझेपर्यंत तिथेच बसले होते. त्या दिवशी त्यांनी जेवताना भाकरी मागितली नाही आणि मावशींनीही वाढू का म्हणून विचारलं नाही. नवरा-बायकोचं भांडण मी पुष्कळ पाहिलं आहे, घरचंही आणि शेजारचंही, पण इतकं न बोलता झालेलं नाही.

परत दौंड

सकाळी मी निघाले. मावशींनी ओटी भरली, पिशवीत कांदे कोंबले. आप्पा कुठे दिसले नाहीत. मला वाटलं, रागावले, भेटायचंसुद्धा नसेल. पण स्टँडवर आले तर ते धुतलेलं धोतर आणि नवा फेटा बांधून टपरीवर बसले होते, आणि यष्टी आली तशी माझ्या आधी चढले.

"दवाखान्यात चाललोय," कंडक्टरने विचारायच्या आधीच त्यांनी सांगून टाकलं.

भीमा ओलांडली तेव्हा एकदम म्हणाले, "त्यानं यावं की. पाय मोडल्यात व्हय त्याचे?" थोड्या वेळाने, "मेंढरं जगवायची व्हती मला. चेअरमनच्या इरुद्ध गेलो आसतो तर कुठं चारली आसती?" मग आणखी थोड्या वेळाने, "इकलीच शेवटाला ती मेंढरं."

चौफुल्याला गाडी बदलली, तर ती दौंडची गाडी सुरूच होईना. ड्रायव्हर बॉनेट उघडून उभा राहिला. समोरच शिरूरकडे जाणारी गाडी लागली होती, न्हावऱ्यावरून जाणारी. आप्पा उठले, पिशवी घेतली आणि काही न बोलता तिच्यात जाऊन बसले. मी थांबवलं नाही. दोन पाय आहेत त्यांना, त्यांना हवं तिकडे जाऊ देत, असं मनाशी म्हटलं. त्या गाडीचा कंडक्टर तिकिटं फाडत त्यांच्यापर्यंत आला. खिडकीतून मला ऐकू येत होतं.

"कुठं आप्पा?"

"दौंड."

"आवं, ही शिरूरची गाडी. दौंडाला उलट्या तोंडानं जायचं."

आप्पा क्षणभर बसून राहिले. मग उतरले, परत आले आणि माझ्याशेजारी बसले. "चुकून बसलो," म्हणाले. मी म्हटलं, होतं असं.

दौंडला वसंताने मालधक्क्यामागची वाट दाखवली. पत्र्याच्या खोल्यांची ओळ होती. बाळू जेवायला घरी आलेला. दारात बापाला बघून तो हात धुवायचा विसरला आणि तसाच उभा राहिला, बोटांना आमटी लागलेली. त्याच्या बायकोने पदर घेतला आणि आतून तांब्याभर पाणी आणून आप्पांच्या हातात दिलं. आप्पांनी तांब्या घेतला, पण तोंडाला लावला नाही. सोयरिकीला नाहीतर समेटाला आलेला माणूस काम झाल्याशिवाय त्या घरचं पाणी घेत नाही, ही त्या भागातली पद्धत. बाळूलाही ती माहीत होती.

"न्ह्यायला आलोय," आप्पा म्हणाले. उंबऱ्याच्या बाहेरच उभे होते.

"पानी प्या आधी. उन्हातनं आलाय."

"आधी येतो म्हन."

मला काहीतरी बोलावंसं वाटत होतं. वसंताने माझं कोपर धरून ठेवलं होतं. मागे मालगाडीचे डबे एकमेकांवर आदळत होते.

"चेअरमन आजून त्येच हायेत," बाळू म्हणाला. "आन् मला गानं म्हनायची खोड बी तीच हाय. घरात येऊन मी गप बसनार न्हाई. परत चावडीत न्हेऊन हुबं करायचं आसंल तर आत्ताच सांगा."

आप्पांनी तांब्याकडे बघितलं. मग त्याच्या डोळ्याला डोळा दिला.

"त्ये तुजं गानं," ते म्हणाले, "मला पाठ हाय. समदं. रानात एकला आसलो की म्हनतो."

मला रडू आलं, आणि ते मी लपवलं नाही. वसंताने दुसरीकडे तोंड फिरवलं. बाळूची बायको चौकटीला धरून उभी होती. बाळूने खांद्यावरच्या गमछ्याला हात पुसले, एकेक बोट, फार सावकाश.

"न्हावऱ्याला जानारी शेवटची यष्टी कवा हाय?" त्याने विचारलं.

आप्पांनी तांब्या तोंडाला लावला आणि रिकामा होईपर्यंत खाली घेतला नाही.